फाळके, दादासाहेब : चित्रपटनिर्मितीची कारकीर्द

(३० एप्रिल १८७०–१६ फेब्रुवारी १९४४). भारतीय कथाचित्रपटांचे आद्य निर्माते व दिग्दर्शक. संपूर्ण नाव धुंडिराज गोविंद फाळके. जन्म नाशिक जिल्ह्यातील त्र्यंबकेश्वर येथे एका वैदिक परंपरेच्या कुटुंबात. राजा हरिश्चंद्र (१९१३) या मूकपटामुळे ‘भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक’ असा त्यांचा गौरव केला जातो. त्यांच्या दिग्दर्शनाची व चमत्कृतिदृश्यांची चर्चा पुष्कळ झालेली आहे. मात्र भांडवल, यंत्रसामग्री, माणसे, चित्रण, प्रयोगशाळा आणि प्रदर्शन यांची सांगड घालणारा निर्माता या नात्याने त्यांचा विचार त्या मानाने कमी झाला. प्रस्तुत नोंदीत मुख्यतः याच अंगाने त्यांच्या कारकीर्दीचे मूल्यमापन केले आहे. चित्रपटनिर्मितीची सर्व अंगे एका घरात व एका माणसाच्या हातात एकवटणे, हे फाळके यांच्या यशाचे प्रमुख कारण होते आणि पुढील काळात तेच त्यांच्या अपयशाचेही कारण ठरले, असे त्यांच्या कारकीर्दीचे सूत्र सांगता येईल.

पूर्वतयारी : चित्रपटाकडे वळले तेव्हा फाळके यांनी वयाची चाळिशी ओलांडली होती. तोवरचे त्यांचे जीवन वरकरणी विस्कळीत दिसते. पण चित्रपटाच्या दृष्टीने पाहता ती एक सलग उमेदवारीच होती. वडील संस्कृतचे व्युत्पन्न पंडित असल्याने पुराणकथांचा परिचय त्यांना घरातच झाला. १८८५ मध्ये त्यांनी मुंबईच्या सर ज. जी. कलाशाळेत प्रवेश घेतला आणि नंतर बडोद्याच्या कलाभवनात चित्रकला, छायाचित्रण, मुद्रण इत्यादींचे शिक्षण घेतले. हौशी नाटकांसाठी पडदे रंगविणे, जादूचे प्रयोग करणे, छायाचित्राचा व्यवसाय चालविणे असे नाना उद्योग त्यांनी केले. भारतीय पुरातत्त्व खात्यात काही काळ नोकरी केली. स्वदेशी चळवळीच्या काळात ती सोडून ते मुद्रणाच्या धंद्यात शिरले. राजा रविवर्मा यांच्या छापखान्याशीही त्यांचा संबंध आला होता. बहुरंगी छपाईची यंत्रे व तंत्र आणण्यासाठी १९०९ मध्ये ते जर्मनीस गेले. भागीदारांशी मतभेद झाल्यामुळे त्यांनी हा भरभराटीचा छापखाना सोडून दिला.

या पूर्वचरित्रातील दोन गोष्टी निर्मात्याच्या दृष्टीने महत्त्वाच्या आहेत. पहिली म्हणजे चित्रपटास लागणारी बहुतेक कौशल्ये त्यांनी वेगवेगळ्या धंद्यांत आधीच हस्तगत केलेली होती. रविवर्मा यांच्या शिळाछाप चित्रांनी देवादिकांची जी रूपे घरोघरी पोहोचविली होती, ती कशी तयार होतात व कशी विकली जातात, हे त्यांनी छापखान्यात जवळून पाहिले होते. एका मूळ चित्रावरून असंख्य प्रती काढून त्या दूरदूरच्या ग्राहकांस पुरविणे हे छपाईचे तत्त्व असून चित्रपटाचा व्यवसायही मूलतः त्याच तत्त्वावर उभा आहे. दुसरी गोष्ट स्वभावाची. गुणवत्तेविषयी स्वतःचा आग्रह आणि भागीदाराचा हिशोब यांत निवड करावयाची वेळ आली, की ते धंदाच सोडून देत. छापखान्याच्या बाबतीत जे घडले, त्याचीच पुनरावृत्ती पुढे नाशिकला झाली.

आरंभ : १९११ च्या सुमारास मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील एक चित्रपट फाळके यांच्या पाहण्यात आला आणि पडद्यावर राम व कृष्ण यांची चरित्रे का दिसू नयेत, या विचाराने त्यांना घेरले. नवयुग मासिकात १९१७-१८ मध्ये लिहिलेल्या लेखमालेत त्यांनी हा अनुभव स्वतःच नमूद केला आहे. यानंतरच्या त्यांच्या हालचाली एखाद्या भारावलेल्या भाविकापेक्षा सावध कारागिराला शोभणाऱ्या आहेत. प्रथम त्यांनी मिळतील ते चित्रपट पाहून आणि मिळेल ते वाङ्‌मय वाचून विषयाचा अभ्यास केला. या अतिश्रमाने त्यांची दृष्टी काही काळ अधू झाली. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून १९१२ च्या फेब्रुवारीत ते लंडनला गेले. तेथे बायोस्कोप या साप्ताहिकाचे संपादक केबर्न आणि चित्रपटनिर्माते सेसिल हेपवर्थ यांच्या साहाय्याने निर्मितीची प्रत्यक्ष पद्धत त्यांनी पाहिली. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, कोऱ्या फिल्मच्या कडांना छिद्रे पाडण्याचे यंत्र, प्रती काढण्याचे यंत्र व कोरी फिल्म यांची खरेदी करून ते परतले. भांडवलदारांचा विश्वास संपादण्यासाठी कुंडीत लावलेल्या वाटाण्याच्या वाढीचे त्यांनी रोज थोडे थोडे चित्रण केले आणि बीजातून अंकुर फुटून वेल वर चढेपर्यंतचा क्रम काही क्षणांत पडद्यावर दाखविला. या छोट्या चित्रपटामुळेच कर्ज देण्यास माणूस तयार झाला. भांडवल मिळविण्यासाठी आधी वस्तू तयार करून दाखविण्याची ही रीत भारतीय निर्मात्याच्या व्यवहाराचा पहिला धडा मानावयास हरकत नाही.

राजा हरिश्चंद्र चे चित्रण दादरला एका बंगल्यात झाले. स्त्रीभूमिकेसाठी कोणीही स्त्री पुढे न आल्याने उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना तारामतीची भूमिका देण्यात आली. हरिश्चंद्राचे काम दत्तात्रय दामोदर दाबके यांनी, तर रोहिदासाचे काम फाळके यांचा मुलगा भालचंद्र याने केले. सुमारे ३,७०० फूट लांबीचा हा चित्रपट पूर्ण होण्यास सहा महिने व सत्तावीस दिवस लागले. २१ एप्रिल १९१३ रोजी निमंत्रितांसाठी त्याचा खेळ झाला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन सिनेमात तो जाहीरपणे प्रदर्शित झाला.

त्याच चित्रपटगृहात १८ मे १९१२ रोजी दादासाहेब तोरणे प्रभृतींचा श्री पुंडलिक हा चित्रपट दाखविला गेला होता. त्यामुळे ‘पहिला भारतीय चित्रपट कोणता’ हा वाद अनेकदा उपस्थित केला जातो. तोरणे यांचे अग्रेसरत्व कालदृष्ट्या निर्विवाद आहे व त्यांच्या साहसाचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही. तथापि श्री पुंडलिक हे रंगमंचावरील नाटकाचे चित्रण होते, ते परदेशी छायाचित्रकाराने केले होते आणि त्यावरील प्रक्रिया लंडनमध्ये झाली होती. फाळके यांनी लेखनापासून कॅमेरा, फिल्म धुणे, प्रती काढणे व संकलन येथपर्यंतची सर्व कामे येथेच, स्वतःच्या माणसांकडून करून घेतली. तेव्हा निर्माता म्हणून फाळके यांचे श्रेय केवळ तारखेच्या आधाराने ठरत नाही. निर्मितीची संपूर्ण साखळी या देशात उभी राहू शकते, हे त्यांनी सिद्ध केले, यात ते आहे. तारखेचा वाद निकाली निघाला वा न निघाला, तरी या श्रेयास बाध येत नाही.

नाशिकचा कारखाना : पहिल्या यशानंतर फाळके यांनी आपले बिऱ्हाड व कारखाना नाशिकला हलविला. मोहिनी भस्मासुर, सत्यवान सावित्री (१९१४), लंकादहन (१९१७) इ. चित्रपट तेथेच निर्माण झाले. मोहिनी भस्मासुर मध्ये दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई (नंतरच्या गोखले) यांनी काम केले आणि पडद्यावर स्त्रियांनी भूमिका करण्यास प्रारंभ झाला. नाशिकची निवड केवळ जन्मभूमीच्या ओढीने झाली, असे मानण्याचे कारण नाही. त्या काळी चित्रण सूर्यप्रकाशात होत असे. नाशिकला वर्षातील मोठा काळ स्वच्छ ऊन मिळते. गोदावरीचे घाट, पंचवटीतील मंदिरे, जवळची लेणी व डोंगर यांमुळे पुराणकथांना लागणारी पार्श्वभूमी विनामूल्य उपलब्ध होती. राहणीचा खर्च मुंबईपेक्षा कमी होता आणि रेल्वेमुळे मुंबईशी दळणवळणही सुलभ होते. गावाबाहेरच्या मोकळ्या जागेत शंभर माणसांचा तांडा एकत्र ठेवता येत होता. रामकथेशी ज्या स्थळाचे नाव परंपरेने जोडलेले आहे, तेथे रामकथेचे चित्रण करण्याचा लाभही लहान नव्हता.

या कारखान्याची घडण एकत्र कुटुंबासारखी होती. नट, कारागीर, छायाचित्रकार व त्यांची मुलेबाळे एका आवारात राहत व एका पंक्तीत जेवत. या सर्वांच्या जेवणाखाणाची व्यवस्था फाळके यांच्या पत्नी सरस्वतीबाई पाहत. परंतु त्यांचा वाटा एवढ्यापुरता मर्यादित नव्हता. त्या काळी कोरी फिल्म छिद्रे न पाडलेली येत असे. अंधाऱ्या खोलीत तिच्या कडांना मोजून छिद्रे पाडणे, चित्रण झालेली फिल्म रसायनांत धुणे, चित्रणाच्या वेळी प्रकाश परावर्तित करण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून उभे राहणे अशी तांत्रिक कामे त्या करीत. पहिल्या भांडवलासाठी त्यांचे दागिनेही गहाण पडले होते. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत त्यांना स्थान नव्हते. पण निर्मितिव्यवस्थेचा विचार करताना त्यांना सहनिर्मात्या म्हणणेच यथार्थ होईल. घर आणि कारखाना यांत भेद नसल्याने फाळके यांचा खर्च आटोक्यात राहिला व माणसे टिकली. एकाच माणसाने अनेक कामे शिकण्याची पद्धतही तेथे होती. त्र्यंबक तेलंग यांना कॅमेरा चालविण्याचे शिक्षण फाळके यांनीच दिले, तर स्त्रीभूमिका करणारे साळुंके पुढे छायाचित्रणाकडे वळले. राजा हरिश्चंद्र मधील विश्वामित्र गजानन साने यांनी नंतर नाशिकलाच चित्रपटांचे दिग्दर्शन केले.

१९१४ मध्ये फाळके आपले चित्रपट घेऊन पुन्हा लंडनला गेले. तेथील जाणकारांनी त्यांची प्रशंसा केली आणि तेथेच राहून भारतीय विषयांवरील चित्रपट काढावेत, असा प्रस्तावही त्यांच्यापुढे आला. तो त्यांनी नाकारला. परतताच पहिले महायुद्ध सुरू झाले, सावकारांनी हात आखडले आणि कारखाना बंद पडण्याच्या बेतात आला. या अडचणीच्या काळात त्यांनी लघुपट, वृत्तचित्रे व आगकाड्यांच्या हालचालींसारखी चेतनचित्रे यांवर भर दिला. पिठाचे पंजे हा विनोदी लघुपट, चित्रपट कसे तयार करतात याची माहिती देणारा लघुपट, जादूचे प्रयोग दाखविणारा प्रोफेसर केळफा (‘फाळके’ या आडनावाची अक्षरे उलटसुलट करून घेतलेले हे नाव) असे वैविध्य त्यांत आढळते. मोठ्या पौराणिक चित्रपटांच्या छायेत हे लघुपट दुर्लक्षित राहिले असले, तरी अल्प खर्चात सतत निर्मिती चालू ठेवण्याची निर्मात्याची हिकमत त्यांतून दिसते.

चित्रपटांचे स्वरूप : फाळके यांच्या रचनेत कॅमेरा बहुधा समोर व स्थिर असतो, पात्रे पडद्याच्या चौकटीत रविवर्म्याच्या चित्रातल्याप्रमाणे मांडलेली असतात. राजा हरिश्चंद्र च्या प्रारंभीचे राजा आपल्या मुलास धनुर्विद्या शिकवीत असल्याचे दृश्य याचे उत्तम उदाहरण होय. त्यांची खरी प्रतिभा चमत्कृतिदृश्यांत प्रकट होते. ज्वालांतून शक्तींचे प्रकट होणे, देवांचे अंतर्धान पावणे, मारुतीचे आकाशगमन यांसाठी कॅमेरा थांबवून वस्तू वा पात्र बदलणे, एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करणे, प्रतिकृती वापरणे अशा युक्त्या त्यांनी योजल्या. या युक्त्यांची जात फ्रेंच निर्माता झॉर्झ मेल्येस याच्या चित्रपटांतील युक्त्यांसारखीच होती. पण प्रेक्षकांवरील त्यांचा परिणाम वेगळा होता. मेल्येसच्या प्रेक्षकांना ती जादू वाटे. फाळके यांच्या प्रेक्षकांना ते दर्शन वाटे. लंकादहन मध्ये राम व सीता या दोन्ही भूमिका साळुंके यांनीच केल्या होत्या. तरी पडद्यावर राम अवतरताच प्रेक्षक हात जोडत, असे समकालीनांनी सांगितले आहे. कालियामर्दन (१९१९) मध्ये फाळके यांची कन्या मंदाकिनी हिने बाळकृष्णाचे काम केले. या चित्रपटाच्या आरंभी तिच्या मुद्रेवरील निरनिराळे भाव क्रमाने दाखविले असून त्यानंतरच ती कृष्णरूपात दिसते. आपली मुलगी अभिनय करीत आहे, हे आधी उघड करून मग देवाचे दर्शन घडविणारा हा निर्माता प्रेक्षकांच्या श्रद्धेशी प्रतारणा करीत नव्हता, हे येथे लक्षात येते.

या यशाची मर्यादाही स्पष्ट आहे. सामाजिक वा ऐतिहासिक विषयांकडे फाळके क्वचितच वळले. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीद्वारा सैरंध्री (१९२०) या पौराणिक चित्रपटाने प्रारंभ करून सावकारी पाश (१९२५) सारखा शेतकऱ्याच्या कर्जबाजारीपणावरील चित्रपट काढला. स्वतः कर्जाच्या विळख्यात आयुष्य काढलेल्या फाळके यांना मात्र तो विषय पडद्यावर आणावासा वाटला नाही.

भांडवल आणि भागीदारी : लंकादहन ने अमाप उत्पन्न मिळविले. तिकीटविक्रीची नाणी बैलगाडीतून न्यावी लागत, अशी आख्यायिका या चित्रपटाविषयी रूढ आहे. या यशाने धनिकांचे लक्ष चित्रपटाकडे वेधले. लोकमान्य टिळक, रतन टाटा आदींच्या पुढाकाराने मोठ्या भांडवलाची मर्यादित कंपनी काढण्याच्या वाटाघाटी झाल्या, पण त्या फलद्रूप झाल्या नाहीत. अखेर १ जानेवारी १९१८ रोजी वामन श्रीधर आपटे, मायाशंकर भट्ट आदींच्या भागीदारीत ‘हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी’ नाशिकला स्थापन झाली. व्यवस्थापन आपटे यांच्याकडे आणि निर्मिती फाळके यांच्याकडे, अशी विभागणी होती. श्रीकृष्णजन्म (१९१८) व कालियामर्दन हे कंपनीचे प्रारंभीचे चित्रपट कलादृष्ट्या व आर्थिक दृष्ट्याही यशस्वी ठरले.

तरीही लवकरच बेबनाव झाला. चित्रणास लागणारा वेळ, एखादे दृश्य मनासारखे होईपर्यंत पुन्हा पुन्हा घेणे आणि त्यापायी होणारा खर्च हे भागीदारांना मान्य नव्हते; कारागिरीच्या क्षेत्रात हिशोबनिसाचा हस्तक्षेप फाळके यांना मान्य नव्हता. चरित्रकारांनी या प्रकरणात सामान्यतः फाळके यांची बाजू घेऊन भागीदारांना अरसिक ठरविले आहे. हा निर्णय एकांगी वाटतो. कर्जाने चालणाऱ्या घरगुती कारखान्यात मालक, कारागीर व हिशोबनीस या तिन्ही भूमिका फाळके स्वतःच पार पाडीत असल्याने त्यांच्यातील संघर्ष एका मनातच मिटत असे. कंपनी स्थापन होताच त्या भूमिका वेगवेगळ्या माणसांकडे गेल्या. तेव्हा त्यांच्यात तडजोड घडविणारी रीत शोधणे आवश्यक होते. ती ना फाळके यांनी शोधली, ना भागीदारांनी. खर्चाचा अंदाज, चित्रणाचे वेळापत्रक व कलावंताचे स्वातंत्र्य यांचा मेळ घालणे हे निर्मात्याचे विशेष कार्य होय. चित्रपटाची बाकी सर्व अंगे या देशात प्रथम सिद्ध करणाऱ्या फाळके यांना हे एक अंग साधले नाही.

कंपनीतून बाहेर पडून फाळके काशीला गेले. तेथे त्यांनी रंगभूमी हे नाटक लिहिले. त्यांनी चित्रपटसृष्टीत परत यावे, यासाठी संदेश पत्राचे संपादक अच्युत बळवंत कोल्हटकर यांनी आपल्या पत्रातून आग्रह धरला. १९२२ च्या सुमारास फाळके कंपनीत परतले, पण आता निर्णयाची सूत्रे त्यांच्या हाती पूर्वीसारखी नव्हती. या दुसऱ्या कालखंडात चित्रपटांची संख्या वाढली. पण पहिल्या सहा वर्षांतील शोधक वृत्ती त्यांत अभावानेच दिसते. मधल्या काळात मुंबईत मोठ्या चित्रसंस्था उभ्या राहिल्या होत्या, सामाजिक विषय व नवे नटनट्या लोकप्रिय झाल्या होत्या आणि वितरण हा स्वतंत्र धंदा बनला होता. भांडवल, वितरक व चित्रपटगृहे मुंबईत एकवटल्याने नाशिकचे स्थान गैरसोयीचे ठरू लागले. ऊन, घाट व मंदिरे यांची सोय स्टुडिओतील नेपथ्य व दिवे यांनी मुंबईतच होऊ लागली होती. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकाअखेर फाळके यांनी पुन्हा स्वतंत्र निर्मितीचा प्रयत्न केला. त्यातून हाती घेतलेला सेतुबंधन हा भव्य मूकपट पैशाअभावी मध्येच रखडला आणि अखेर जुन्या कंपनीच्या मदतीनेच तो पूर्ण झाला.

बोलपटाचा काळ : सेतुबंधन १९३२ मध्ये पडद्यावर आला, तत्पूर्वी १४ मार्च १९३१ रोजी आलम आरा प्रदर्शित होऊन मूकपटांचे युग संपत आले होते. सेतुबंधन ला नंतर ध्वनीची जोड देण्यात आली, तरी त्याला अपेक्षित यश लाभले नाही. हिंदुस्थान कंपनीही लवकरच बंद पडली. कोल्हापूर सिनेटोनसाठी केलेला गंगावतरण (१९३७) हा फाळके यांचा एकमेव बोलपट व अखेरचा चित्रपट होय. त्या वेळी त्यांचे वय सदुसष्ट वर्षांचे होते. चमत्कृतिदृश्यांतील त्यांचे कौशल्य या चित्रपटातही दिसते. परंतु आदल्याच वर्षी प्रभात फिल्म कंपनीचा संत तुकाराम (१९३६) प्रदर्शित झाला होता. त्यात चमत्कार आहेत, पण चित्रपटाचा प्राण तुकाराम व जिजाई यांच्या संसारात आहे. गंगावतरण मध्ये चमत्कारच कथेचे प्रयोजन आहे. पौराणिक व संतचरित्रपर चित्रपट माणसाकडे वळला होता. फाळके देवाकडेच पाहत राहिले. दोन चित्रपटांतील हे अंतर पंचवीस वर्षांत प्रेक्षक किती बदलला, याचे मोजमाप आहे.

१९३९ मध्ये भारतीय चित्रपटव्यवसायाचा रौप्यमहोत्सव मुंबईत साजरा झाला. ज्या व्यवसायाचा तो उत्सव होता, त्याचा आरंभ करणाऱ्या माणसाच्या उत्तरायुष्याला आर्थिक स्थैर्य मात्र नव्हते. नाशिक येथे १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांचे निधन झाले.

उपलब्ध चित्रपट : फाळके यांच्या नावावर ९५ चित्रपट व २६ लघुपट, असा आकडा सामान्यतः दिला जातो. हा आकडा जपून वापरावा लागतो, कारण हिंदुस्थान कंपनीचे अनेक चित्रपट साने प्रभृती अन्य दिग्दर्शकांनी केले होते आणि निर्मितिप्रमुख म्हणून असलेले फाळके यांचे नाव व प्रत्यक्ष दिग्दर्शन यांत याद्या सर्वत्र भेद करीत नाहीत. याहून गंभीर बाब अशी, की या चित्रपटांचा अत्यल्प अंश आज उपलब्ध आहे. राजा हरिश्चंद्र ची पहिली व शेवटची रिळे मिळतात. परंतु ती १९१३ च्या मूळ चित्रपटाची नसून फाळके यांनी १९१७ मध्ये पुन्हा निर्माण केलेल्या आवृत्तीची असावीत, असे अनेक अभ्यासकांचे मत आहे. कालियामर्दन बऱ्याच प्रमाणात टिकला आहे. लंकादहन, श्रीकृष्णजन्म व सेतुबंधन यांचे तुकडे आणि निर्मितीविषयक लघुपटाचा काही भाग शिल्लक आहे. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ मध्ये पुण्यास झाली आणि तेथील पी. के. नायर यांनी परिश्रमपूर्वक हे अवशेष मिळवून जतन केले. २०२२ मध्ये हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले.

या नाशास केवळ काळ कारणीभूत नाही. नायट्रेट फिल्म ज्वलनशील व नाशवंत होती, हे खरे. परंतु चित्रपट ही एकदा दाखवून संपणारी वस्तू नसून जपून ठेवण्याची मत्ता आहे, ही जाणीव त्या काळच्या निर्मात्यांत व त्यांच्या वारसदार संस्थांत नव्हती. छपाईच्या धंद्यातून आलेल्या फाळके यांनी मूळ फिल्मचे मोल ओळखले असणार; पण कंपनी मोडली, की तिच्या गोदामातील फिल्मला वाली उरत नसे. त्यामुळे फाळके यांच्यावरील कोणतेही मूल्यमापन, प्रस्तुत नोंदीतील मूल्यमापनासह, त्यांच्या निर्मितीच्या अल्पशा भागावर व समकालीनांच्या शब्दांवर आधारलेले आहे, याचे भान ठेवणे अगत्याचे ठरते.

मूल्यमापन : फाळके यांनी आपल्या चित्रपटांना ‘स्वदेशी’ म्हटले, ते भांडवल, मालकी, कामगार व कथा या देशातील असल्यामुळे. कॅमेरा व कोरी फिल्म परदेशीच होती आणि पुढेही दीर्घकाळ तशीच राहिली. तरीही हा दावा पोकळ नव्हता. परकीय यंत्र आणून त्यावर देशी माणसांनी देशी वस्तू तयार करावी, हा विसाव्या शतकाच्या आरंभीच्या उद्योजकतेचा जो आदर्श होता, त्याचेच फाळके हे एक प्रातिनिधिक उदाहरण होत. लंडनमधील प्रस्ताव नाकारण्याच्या निर्णयाचा अर्थही या आदर्शाच्या संदर्भात उलगडतो.

निर्मात्याच्या कर्तृत्वाची दुसरी कसोटी म्हणजे त्याच्यामागे काय उरते. या बाबतीत नाशिक व कोल्हापूर यांची तुलना उद्‌बोधक आहे. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेल्या व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल व धायबर यांनी कोल्हापूरला १९२९ मध्ये प्रभातची स्थापना केली. १९३३ मध्ये ती संस्था पुण्यास आली, तरी कोल्हापूरची चित्रपटपरंपरा खंडित झाली नाही. नाशिकलाही कारागीर तयार झाले. मात्र त्यांच्यातून नाशिकला दुसरी प्रभात उभी राहिली नाही. पेंटर यांचे शिष्य गुरूपासून फुटून निघाले व त्या फुटीतून संस्था जन्मली. फाळके यांच्या कारखान्यात फुटून निघणारा माणूस प्रत्येक वेळी गुरू स्वतःच होता. कुटुंबवत्सल वडीलधाऱ्याने चालविलेल्या घरात माणसे सुखाने राहतात. पण त्यांना स्वतंत्र चूल मांडण्याचे बळ तेथे मिळतेच असे नाही.

मरणोत्तर सन्मान त्यांना विपुल लाभले. भारत सरकारने १९६९ पासून चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च पुरस्कार त्यांच्या नावे सुरू केला. त्याच्या पहिल्या मानकरी देविकाराणी होत. १९७१ मध्ये त्यांच्यावर टपाल तिकीट निघाले. मुंबईतील गोरेगावच्या चित्रनगरीस त्यांचे नाव देण्यात आले आणि नाशिकला पांडवलेण्यांच्या पायथ्याशी महानगरपालिकेने त्यांचे स्मारक उभारले. परेश मोकाशी यांच्या हरिश्चंद्राची फॅक्टरी (२००९) या मराठी चित्रपटाने राजा हरिश्चंद्र च्या निर्मितीची कथा नव्या पिढीपुढे आणली. या चित्रपटाच्या नावातील ‘फॅक्टरी’ हा शब्द मार्मिक आहे. पण तो चित्रपट विजयाच्या क्षणी थांबतो. त्यानंतरची चोवीस वर्षे, म्हणजे भागीदारी, फाटाफूट, पुनरागमन व पराभव यांचा काळ, लोकस्मृतीत फारसा उतरलेला नाही.

‘जनक’ या बिरुदामुळे फाळके यांचे पूज्यत्व वाढले. मात्र त्यांच्या कारकीर्दीतील व्यावहारिक बोध झाकला गेला. भारतीय चित्रपटव्यवसाय पुढेही व्यक्तीच्या पुण्याईवर व सावकाराच्या कर्जावर चालत राहिला. चित्रपटनिर्मितीस अधिकृत उद्योगाचा दर्जा मिळण्यास १९९८ साल उजाडावे लागले. कलावंताचा आग्रह व भांडवलाचा हिशोब यांना एका व्यवस्थेत बसविण्याचा जो प्रश्न नाशिकला १९१८-१९ मध्ये उभा राहिला, तो फाळके यांच्या स्वभावापुरता नव्हता. स्वतंत्रपणे चित्रपट काढू पाहणाऱ्या निर्मात्यांपुढे तो पुढील काळातही उभा राहिला. चित्रपट आपल्याकडे निर्माण होऊ शकतो काय, या प्रश्नाला फाळके यांनी एका चित्रपटात उत्तर दिले; तो निर्माण करणारी संस्था टिकवावी कशी, हा प्रश्न मात्र त्यांनी अनुत्तरित ठेवून दिला. त्यांच्या थोरवीचा विचार या दोन्ही प्रश्नांसह व्हावयास हवा.